इंजेक्शन घ्या, पण जेवा!

वजन कमी करायचं इंजेक्शन आमच्या वडीगोद्रीपर्यंत येऊन पोचलं आहे. इथं एरवी चर्चा असते ती उसाच्या भावाची, कालव्याला पाणी कधी सुटणार याची, मोसंबीच्या गळीची आणि अलीकडे आरक्षणाची. पण धुळे-सोलापूर महामार्गावरचं गाव आहे. जालना-औरंगाबादच्या मोठ्या दवाखान्यांत जे सुरू होतं, ते थोड्याच दिवसांत इथल्या घरांतल्या फ्रीजमध्ये दिसायला लागतं. मार्च २०२५ मध्ये 'मौंजारो' भारतात आलं, जूनमध्ये 'वेगोवी'. तेव्हा ते पैसेवाल्यांचं औषध होतं. वेगोवीचा महिन्याचा खर्च सुरुवातीला सतरा हजारांच्या वर होता. मार्च २०२६ मध्ये, रमजान ईदच्या सुमारास, वेगोवीतल्या सेमाग्लुटाइड या औषधाचं पेटंट भारतात संपलं. देशी कंपन्या त्या तारखेची वाटच बघत होत्या. त्यामुळे हा आता मुंबई-पुण्याच्या बंगल्यांतला विषय राहिलेला नाही. शिक्षक, दुकानदार, हप्त्यावर गाडी घेणारे, मुलीचा निकाह ठरलेले आईबाप, सगळ्यांच्या तोंडी तो आहे.

या इंजेक्शनाला माझा विरोध नाही, हे आधीच सांगतो. ज्याचं वजन आणि साखर दोन्ही हाताबाहेर गेलं आहे, ज्याचे गुडघे बोलायला लागले आहेत, त्याला डॉक्टरने तपासून हे औषध दिलं तर त्याने बिनदिक्कत घ्यावं. 'मेहनत करून वजन उतरवा, सुया कशाला टोचता' असं म्हणणाऱ्यांतला मी नाही. लठ्ठपणा हा आळशी माणसाला मिळालेला दंड आहे, ही समजूत जितक्या लवकर जाईल तितकं बरं.

माझं भांडण वेगळं आहे. इंजेक्शन सुरू झालं की घरातल्या माणसाचं ताट रिकामं होतं आणि त्याबद्दल कुणाला काही वाटत नाही. उलट कौतुक होतं. "माशाअल्लाह, कित्ती दुबली हो गई!" दिवसभरात काय खाल्लं विचारलं तर उत्तर मिळतं, दोन कप चहा, दोन टोस्ट, रात्री चार घास खिचडी. का? तर "भूकीच नै लगती, तो कायकू खाना?" हे वाक्य मी इतक्या तोंडून ऐकलं आहे की आता ते ऐकलं की डोकं तापतं.

भूक ही शरीराने मारलेली हाक आहे. हे औषध ती हाक दाबतं. जेवल्यावर आपल्या आतड्यांतून एक संप्रेरक निघतं, ते मेंदूला सांगतं की आता पुरे. औषध त्याच संप्रेरकाची नक्कल करतं, पण जेवणानंतर तास-दोन तास टिकणारा तो निरोप आठवडाभर वाजत ठेवतं. शिवाय पोटातलं अन्न पुढे सरकायला वेळ लावतं. म्हणून चार घासांत पोट भरल्यासारखं वाटतं. हाडांना लागणारं कॅल्शियम, रक्ताला लागणारं लोह, स्नायूंना लागणारं प्रथिन यांची गरज मात्र इंजेक्शनाच्या आदल्या दिवशी जेवढी होती तेवढीच दुसऱ्या दिवशी असते. घंटा वाजली नाही म्हणून मुलांचा तास बुडवायचा नसतो, एवढं तर आम्हा मास्तरांना कळतं.

आता आकडे बघा. सेमाग्लुटाइडची जी मोठी चाचणी २०२१ मध्ये प्रसिद्ध झाली, तीत ६८ आठवड्यांत लोकांचं वजन सरासरी १४.९ टक्के उतरलं. मोठं यश आहे, नाही म्हणण्यात अर्थ नाही. पण त्यातल्या काही जणांच्या शरीराची यंत्रावर मोजणी केली, तेव्हा दिसलं की गेलेल्या वजनात सुमारे ४० टक्के वाटा चरबीचा नव्हताच. ते होतं मांस, म्हणजे प्रामुख्याने स्नायू आणि त्यांच्यासोबतचं पाणी वगैरे. दहा किलो उतरले म्हणून पेढे वाटले, तर त्यातले चार किलो असे गेले ज्यांच्या बळावर आपण उठतो-बसतो. कुठल्याही मार्गाने भराभर वजन उतरवलं तरी थोडंफार स्नायू जातातच, हे खरं. पण जो जेवत नाही, हातपाय हलवत नाही, त्याचे जास्त जातात.

आणि इथं आपलं हिंदुस्थानी दुखणं सुरू होतं. पुण्याच्या केईएम हॉस्पिटलचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांचे ब्रिटिश सहकारी जॉन युडकिन यांचा एक फोटो २००४ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात छापून आला होता. दोघांचा बीएमआय, म्हणजे उंचीच्या मानाने वजन, अगदी सारखा: २२.३. पण शरीरातली चरबी मोजली तर युडकिनसाहेबांची ९.१ टक्के आणि याज्ञिकांची २१.२ टक्के. दिसायला सडपातळ, आतून चरबीचे. आपली बहुतेकांची घडण ही अशी आहे. गोऱ्या माणसाच्या मानाने स्नायू आधीच कमी, पोटावर चरबी आधीच जास्त. स्नायू हे जेवणातली साखर ओढून घेणारं मोठं कोठार आहे. ज्याच्याकडे हे कोठार मुळातच लहान, त्याने ते उपाशी राहून आणखी लहान करायचं आणि वजनकाट्यावर उभं राहून खुश व्हायचं, याला काय म्हणावं?

लक्ष कुठे जायला हवं ते सांगतो. सजद्यातून उठताना गुडघ्यावर हात ठेवावा लागतो का? पूर्वी लागत नव्हता आणि वजन कमी झाल्यावर लागायला लागला, तर काही तरी बिघडतंय. वजन उतरलं की उठणं सोपं व्हायला हवं. मशिदीतल्या मागच्या सफेत खुर्च्या किती वाढल्या आहेत ते दर जुम्म्याला दिसतंच. त्यात पन्नाशीही न गाठलेले लोक असतात. (नमाज हाच व्यायाम, वेगळा कशाला, असं सांगणारेही भेटतात. नमाज इबादत आहे. स्नायू टिकवायचे तर वजन उचलावं लागतं, खुर्चीवरून वीस वेळा उठबस करावी लागते, पाण्याने भरलेल्या दोन बाटल्या हातात घ्याव्या लागतात.)

न खाण्याला आमच्यात दीनचं अस्तर लावायची सवय आहे. कमी खाणं सुन्नत आहे, पोटाचा एक भाग अन्नाला, एक पाण्याला, एक श्वासाला, हे सगळ्यांना पाठ असतं. मग अन्नाच्या त्या एका भागात तुम्ही काय घालता, चहा-टोस्ट? ती तंबी पोट फुटेस्तोवर खाणाऱ्यासाठी आहे. ज्याच्या पोटात दिवसभर पावाचा तुकडा गेला त्याच्यासाठी नाही. हजरत सलमान फारसी आणि अबू दरदा यांची हकीकत बुखारी शरीफमध्ये आहे. अबू दरदा नफील रोजे ठेवत, रात्र-रात्र जागत, घरादाराकडे लक्ष नसे. सलमान पाहुणे म्हणून आले तेव्हा ताट समोर आलं आणि यजमान म्हणाले, तुम्ही खा, माझा रोजा आहे. सलमान म्हणाले, तुम्ही खाल्ल्याशिवाय मी घास उचलणार नाही. आणि खायला लावलं. रबचा हक्क, स्वतःच्या जिवाचा हक्क, घरच्यांचा हक्क, ज्याचा त्याचा हक्क द्या, असं त्यांचं म्हणणं होतं. गोष्ट हुजूर स. यांच्यापर्यंत गेली तेव्हा त्यांनी सलमान बरोबर आहेत असं सांगितलं. ही हकीकत आमच्या बयानांत क्वचित येते. उपाशी राहणाऱ्याची तारीफ करणाऱ्या गोष्टी मात्र भरपूर येतात.

यात मार कुणाला बसतो? बाईला. आमच्या घरांत ती तशीही सगळ्यांत शेवटी जेवते. मुलं, मियाँ, सासरे, पाहुणे झाले की दस्तरखानावर उरलेलं तिचं. इंजेक्शनानंतर तिने 'मला भूक नाही' म्हटलं की घराला एक ताट कमी वाढायचं, एवढाच फरक पडतो. महाराष्ट्रात १५ ते ४९ वयाच्या बायकांत ५४ टक्के अॅनिमिक आहेत, असं राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीचा पाचवा अहवाल सांगतो. म्हणजे निम्म्याहून जास्त बायकांच्या रक्तात आधीच लोह कमी. तिच्या दिवसातले तीन घास कमी करताना आपण कुठल्या गंगाजळीतून काढतो आहोत, हे कुणी बघतं का?

दुसरी गोष्ट साखरेच्या गोळ्यांची. गावोगाव डायबेटिसवाल्यांना जी गोळी मिळते तीत बऱ्याचदा मेटफॉर्मिनसोबत ग्लिमेपिराइड असतं. ग्लिमेपिराइड तुम्ही जेवलात की नाही हे विचारत नाही, साखर उतरवत राहतं. त्यात इंजेक्शन सुरू झालं आणि जेवण सुटलं, तर दुपारी घाम सुटून, हातपाय थरथरून माणूस अंगणात कोसळू शकतो. इन्सुलिन घेणाऱ्यांचंही तेच. इंजेक्शन सुरू करताना जुन्या गोळीचा डोस बदलायचा का, हे डॉक्टरांना विचारलंच पाहिजे. स्वतःच्या मनाने गोळी बंदही करायची नाही.

आणि तिसरं, ज्याने मला हा लेख लिहायला बसवलं. निकाहच्या आधी मुलीला 'जरा बारीक' करण्यासाठी हे इंजेक्शन देण्याचं खूळ. बावीस-तेवीस वर्षांची पोर, आजार काही नाही, जोडा बसला पाहिजे म्हणून सुई. लग्नानंतर लगेच पाळणा हलावा अशी सगळ्यांची अपेक्षा असते. सेमाग्लुटाइड गर्भधारणेच्या किमान दोन महिने आधी थांबवावं लागतं, हे त्या औषधाच्या माहितीपत्रकातच लिहिलेलं असतं. मौंजारो घेताना गर्भनिरोधक गोळीचा असर कमी होऊ शकतो, हेही. हे त्या मुलीला कोण सांगतं? आई लाजते, सासूला ठाऊक नसतं, मेडिकलवाला पैसे घेऊन मोकळा. पुन्हा याज्ञिकांकडे येतो. त्यांनी १९९३ पासून पुण्याजवळच्या सहा गावांत गरोदर बायका आणि त्यांची मुलं यांचा अभ्यास केला. तिथल्या बाळांचं सरासरी वजन सुमारे २.७ किलो, इंग्लंडच्या बाळांपेक्षा किती तरी कमी. पण ही किडकिडीत बाळं चरबीत मात्र त्या मानाने मागे नव्हती. कमी होते ते स्नायू. आईच्या ताटात जे नव्हतं ते बाळाच्या अंगात उतरलं नाही. आता आपण मुलीला लग्नाच्या तोंडावर सहा महिने चहा-टोस्टवर ठेवून सासरी पाठवणार असू, तर पुढच्या पिढीचा डायबेटिस आपणच पेरतो आहोत.

मग खायचं काय? अमेरिकेतल्या चार वैद्यकीय आणि पोषणविषयक संस्थांनी २०२५ मध्ये या औषधांवर असणाऱ्यांसाठी मिळून जो सल्ला दिला, त्यात वजन उतरत असताना किलोमागे रोज १.२ ते १.६ ग्रॅम प्रथिन सांगितलं आहे. एरवी आपल्याकडे ०.८३ ग्रॅम पुरेसं मानलं जातं. म्हणजे कमी खाताना प्रथिन वाढवायचं. (मूत्रपिंडाचा आजार असेल त्यांनी डॉक्टरांना विचारल्याखेरीज हे करू नये.) सत्तर किलोच्या बाईला हे चौऱ्याऐंशी ग्रॅमच्या आसपास जातं. ऐकायला भयंकर वाटतं. आपल्याच स्वयंपाकघरात मोजू या. दोन अंडी, १२ ग्रॅम. वाटी-वाटी घट्ट डाळ दोन वेळा, १३. चिकनचे दोन-तीन तुकडे, कच्चं वजन शंभर ग्रॅम धरा, २०. पेलाभर दूध, ६. मूठभर फुटाणे-शेंगदाणे, ७. ज्वारीच्या दोन भाकरी, १०. सोयाच्या वड्या, कोरड्या २५ ग्रॅम, १३. झाले एक्याऐंशी. इंजेक्शनवर एवढं जात नाही, मान्य. साठवर आलात तरी चहा-टोस्टच्या दुप्पट-तिप्पट आहे.

युक्ती एवढीच की पहिला घास कशाचा घ्यायचा ते ठरवा. दहा घासच जाणार असतील तर त्यातले पहिले सहा अंड्याचे, डाळीचे, बोटीचे असू द्या, भात शेवटी. आमच्यात उलटं होतं. बिर्याणी आली की भात पुढे आणि बोटी मुलांना. आपल्याच घरातले पदार्थ आठवा: दालचा. डाळ, गोश्त आणि दुधी एका भांड्यात. या औषधावर असणाऱ्यासाठी याहून चांगला पदार्थ शोधून सापडणार नाही, फक्त वरचं तेल काढा आणि भातावर ओतण्याऐवजी वाटीत घेऊन प्या. सकाळी खागिना, पण तेलात पोहणारा नको. हुलग्याचं माडगं आजारी माणसाला द्यायची आपली रीत होतीच, गळ्याखाली सहज उतरतं. मोड आलेली मटकी, दही, जवसाची चटणी, शहागडला मिळाली तर गोदावरीची मासळी. पाणी ठरवून प्यायचं, कारण तहानही मंदावते आणि बद्धकोष्ठ या औषधाबरोबर फुकट येतं. जेवणासोबतचा चहा बंद, तो लोह शोषू देत नाही. तळलेलं आणि तेलकट जड पडतं, उलट्या होतात. समोसा-भज्यांना रजा द्यावीच लागेल. तीन-चार हजारांचे पावडरचे डबे विकणारे तुमच्या मोबाइलवर येतील. अंडं सात-आठ रुपयांना मिळतं.

पण अंड्याचं नाव काढलं की मला शाळा आठवते, आणि हे म्हटल्याशिवाय मला पुढे जाता येणार नाही. नोव्हेंबर २०२३ मध्ये राज्य सरकारने शालेय पोषण आहारात आठवड्यातून एक अंडं द्यायचं ठरवलं. लगेच काही लोकांच्या भावना दुखावल्या. जानेवारी २०२५ मध्ये सरकारने अंड्याचे पैसेच बंद केले आणि हवं असेल तर लोकवर्गणीतून द्या म्हणून सांगितलं. गावच्या शाळेत लोकवर्गणी किती जमते ते कुणाही शिक्षकाला विचारा. त्याआधी मार्च २०१५ मध्ये गोवंश हत्याबंदीचा कायदा आला. गाय आधीपासूनच, १९७६ च्या कायद्यापासून, बंद होती. आता बैलही बंद झाला. बडे का गोश्त हे मटणाच्या मानाने किती तरी स्वस्त प्रथिन, मजुराच्या आणि दलित-मुस्लिम वस्तीच्या ताटातलं. म्हशीच्या मांसाला कायद्याने बंदी नाही, पण ते नेणाऱ्या गाडीला रस्त्यात अडवणाऱ्या टोळक्यांना कायदा वाचायची गरज वाटत नाही. २०२५ च्या पावसाळ्यात कुरेशी समाजाने कंटाळून जनावरांची खरेदी-विक्रीच थांबवली होती. एकीकडे भारतीयांच्या पोटात भात-गव्हाचा मारा फार, प्रथिन कमी, असं सरकारी संशोधन संस्थाच सांगतात. आयसीएमआरच्या मोठ्या पाहणीत आपल्या ६२ टक्के कॅलरी कर्बोदकांतून येतात असं निघालं. आणि दुसरीकडे गरिबाच्या ताटातलं प्रथिन एकेक करून उचललं जातं. मग तोच माणूस चाळिशीत साखर घेऊन दवाखान्यात येतो आणि त्याला महागडी सुई दिली जाते. या साखळीतून कुणाचा फायदा होतो ते ज्याचं त्याने बघावं.

डॉक्टर मंडळींबद्दलही बोललं पाहिजे. एका मोठ्या शहरातल्या दवाखान्यात आमच्या नात्यातल्या एका खालांना हे इंजेक्शन लिहून दिलं गेलं. भेट पाच मिनिटांची. सुई कशी टोचायची ते नर्सने दाखवलं. जेवणाबद्दल एकच वाक्य: 'कमी खा, गोड बंद.' ज्या औषधाचं कामच भूक मारणं आहे, ते घेणाऱ्याला 'कमी खा' सांगायचं? आहारतज्ज्ञ वरच्या मजल्यावर बसतात, त्यांची फी वेगळी. चार महिन्यांत खालांचे केस मूठमूठ गळायला लागले तेव्हा त्यांना वाटलं, नजर लागली.

या औषधाबद्दल मला येणारे प्रश्न मात्र दुसरेच असतात. हे हलाल आहे का? पालीच्या विषापासून बनवतात म्हणे? तर ऐका. या जातीच्या औषधांतलं सुरुवातीचं एक अमेरिकेतल्या एका विषारी सरड्याच्या लाळेतल्या रेणूवरून सुचलं, हे खरं. वेगोवीतलं सेमाग्लुटाइड यीस्टच्या साहाय्याने बनतं, मौंजारोतलं औषध रसायनशाळेत. त्यात सरडा नाही. पुढचं मसअल्याचं तुमच्या भरवशाच्या मुफ्तींना विचारा. पण सुईबद्दल जेवढी खोदून चौकशी करता, त्याच्या चौथाई तरी ताटाबद्दल करा.

रमजानमध्ये तर हा घोळ दुप्पट होतो. सहरीला भूक नसते म्हणून लोक झोपून राहतात, दिवसभर पाणी नाही, आणि इफ्तारला मंदावलेल्या पोटात एकदम भजी आणि सरबत. मग उलट्या आणि तरावीहला चक्कर. रमजानच्या तोंडावर किंवा रमजानात हे औषध नव्याने सुरू करू नये, डोस वाढवू नये, असं डायबेटिसचे तज्ज्ञ सांगतात. बिमार माणसाला रोजे पुढे ढकलायची मुभा कुरआनानेच दिली आहे. ती घेणाऱ्याकडे मोहल्ल्याने तिरक्या नजरेने बघायचं कारण नाही.

आणि औषध कधी ना कधी थांबतं. पैसे संपतात, कंटाळा येतो. चाचणीतल्या लोकांनी औषध सोडल्यावर वर्षभरात उतरलेल्या वजनापैकी दोन-तृतीयांश वजन परत आलं होतं. येताना ते बहुतांश चरबी होऊन येतं. गेलेले स्नायू खाल्ल्याशिवाय आणि राबल्याशिवाय परत येत नाहीत.

तेव्हा पुढच्या खेपेला दवाखान्यात जाल तेव्हा एक काम करा. आठवडाभर सकाळपासून रात्रीपर्यंत काय काय पोटात गेलं ते मुलाच्या वहीच्या एका पानावर लिहून न्या, उर्दूत, मराठीत, जसं जमेल तसं. अंडी किती, डाळ किती वाट्या, पाणी किती तांबे. सोबत तुम्ही घेत असलेल्या सगळ्या गोळ्यांच्या पट्ट्या न्या. डॉक्टरांसमोर तो कागद ठेवा आणि विचारा, एवढ्यावर माझं भागतं का? त्यांनी न बघता बाजूला सारला तर पुन्हा पुढे सरकवा. फी तुम्ही दिली आहे.